वावरातल्या किड्यांत नर कोण अन् मादी कोण, हे ठरवतं तरी कोण?

गुलाबी बोंडअळीच्या कामगंध सापळ्यात जे पतंग सापडतात ते सगळेच्या सगळे नर असतात, हे आमच्याकडं कोणालाही विचारा, पाठ आहे. ल्यूरला, म्हणजे सापळ्यातल्या गंधाच्या गोळीला, मादीचा वास असतो, त्या वासावर नर येतात अन् खालच्या पिशवीत अडकतात. सलग तीन रात्री एका सापळ्यात आठ-आठ पतंग आले की फवारणीचं पाहायचं, हेही पाठ आहे. पण परवा सापळ्याची पिशवी सोडता सोडता मामाजींनी वेगळंच विचारलं. "हे नर हायेत ते ठीक हाय वं पोरी, पन अंड्यात असतानाच त्याले कोन सांगते का बाबा तू नर हो म्हनून?"

मी ज्युनिअर कॉलेजला बायोलॉजी शिकवते, त्यामुळे घरातले असले प्रश्न माझ्याच वाट्याला येतात. (मोबाईल हँग झाला तरी माझ्याच वाट्याला येतो, ते वेगळं.) तर मामाजींच्या प्रश्नाला एका वाक्याचं उत्तर नाही. उलट आमच्या त्या पाच एकराच्या तुकड्यात, या धुऱ्यापासून (बांधापासून) त्या धुऱ्यापर्यंत, ह्याच एका प्रश्नाची पाच-सहा वेगवेगळी उत्तरं उडून अन् रांगून राहिलीत. बारावीच्या पुस्तकात माणूस, पक्षी, मधमाशी एवढं येतं आणि पोरं ते मार्कांपुरतं पाठ करतात, पण पऱ्हाटीच्या, म्हणजे कपाशीच्या, ओळीत बसून पाहिलं तर हा धडा लय मोठा आहे. म्हणून म्हटलं लिहून काढावं.

आधी पतंगाचंच घेऊ. माणसात बाईकडं दोन एक्स गुणसूत्रं (गुणसूत्र म्हणजे पेशीतला जीनांचा धागा) अन् पुरुषाकडं एक एक्स एक वाय, म्हणजे पोरगा का पोरगी हे बापाच्या शुक्राणूवर ठरतं. पतंग आणि फुलपाखरांत नेमकं उलटं आहे. तिथं नराकडं दोन सारखी, झेड-झेड, आणि मादीकडं दोन वेगळी, झेड-डब्ल्यू. त्यामुळे ठरवणारी आई. तिच्या निम्म्या अंड्यांत झेड जातं, निम्म्यांत डब्ल्यू, आणि बाप काहीही करो तो झेडच देणार. पतंगात असं उलटं गणित आहे हे पहिल्यांदा इंग्लंडात डॉन्कास्टर आणि रेनर या दोघांनी १९०६ साली मॅगपाय नावाच्या पतंगाच्या पंखांचे रंग पिढ्यानपिढ्या जुळवून दाखवलं. आमच्या भागात तिसरी मुलगी झाली की अजूनही सुनेलाच बोलणी खावी लागतात, तेव्हा माझ्या डोक्यात नेहमी येतं की ही मंडळी पतंग असती तर त्यांच्या बोलण्याला निदान जीवशास्त्राचा तरी आधार असता.

गुलाबी बोंडअळीत नर-मादी ओळखायला पतंग होईस्तोवर थांबायचीही गरज नाही. किडकं बोंड फोडायचं, आतली चांगली मोठी झालेली अळी तळहातावर घ्यायची, अन् उजेडात तिच्या पाठीकडं पाहायचं. पोटाच्या पाचव्या कड्याजवळ कातडीखाली एक गडद ठिपका दिसला तर तो नर, ते त्याचे वृषण, कातडी पातळ असल्यानं वरून दिसतात. नाही दिसला तर मादी. एकदा नजर बसली की भिंग पण लागत नाही. मी हे दाखवलं तर मामाजींनी त्याच बैठकीत दहा-बारा बोंडं फोडली, अन् प्रत्येक अळी बघून झाल्यावर चपलेखाली चिरडली, नर असो का मादी, तिथं भेदभाव नाही.

पण "कोन सांगते" याचं उत्तर बोंडअळीपेक्षा रेशमाच्या किड्यात जास्त खोलात शोधलं गेलंय, कारण तिथं पैसा आहे. आता विदर्भातही तुतीचं रेशीम बरेच जण करतात, अन् गडचिरोली-भंडाऱ्याकडं ऐन-अर्जुनाच्या झाडावरचा टसर तर पिढीजात आहे. तुतीच्या रेशमात नराचा कोष वजनाच्या मानानं जास्त रेशीम देतो, म्हणून जपान्यांना नर-मादी आधीच वेगळे करायची फार हौस. तिथं हाशिमोटो नावाच्या शास्त्रज्ञानं १९३३ मध्ये दाखवलं की झेड कितीही असोत, सोबत एक डब्ल्यू असलं की मादीच. मग साहजिकच सगळे डब्ल्यूवर मादी बनवणारा जीन शोधायला लागले अन् ऐंशी वर्षं शोधतच राहिले. तो सापडायचा कसा, ते तसलं काही नव्हतंच! २०१४ साली टोकियो विद्यापीठाच्या लोकांनी दाखवलं की डब्ल्यूवरून जे निघतं ते प्रोटीन नाहीच, आरएनएचा, म्हणजे जीनवरून उतरवलेल्या संदेशाचा, एक चिटोरा तुकडा आहे, जेमतेम २९ अक्षरांचा. त्याचं नाव ठेवलं फेम. हा तुकडा करतो काय तर झेडवरच्या मॅस्क नावाच्या जीनचा संदेश गाठून त्याचे तुकडे करायला लावतो. मॅस्क चालू राहिला तर अंड्यातला जीव नर होतो, मॅस्कला गप्प केलं तर मादी. म्हणजे रेशीमकिड्यात नर "बनवायला" वेगळं कोणी लागत नाही, तो रस्ता सुरूच असतो, मादीसाठी तो बंद करावा लागतो. आणि हे मॅस्क प्रकरण नुसतं नरपणाचंच नाही, नराकडं दोन झेड असतात मादीकडं एकच, तर त्या जास्तीच्या झेडवरचं काम आवरून धरायचं हेही मॅस्ककडंच, म्हणून नर गर्भात मॅस्क बंद पाडला तर त्याची मादी होत नाही, तो मरतोच.

मला हे वाचताना खरंच मजा आली होती, ऐंशी वर्षं दुनिया ज्याला जीन म्हणून शोधत होती तो निघाला २९ अक्षरांचा चिठोरा.

आता पतंग सोडा, बोंडं फुटली की त्यावर काय दिसतं? लाल ढेकूण. शेपटीला शेपटी लावून जोडीनं फिरणारे, एक पुढं चालला की दुसरा उलटा ओढत जातो, तास-तास नाही तर दिवस-दिवस सुटत नाहीत. सरकी शोषतात, कापसाला डाग पाडतात, वेचणाऱ्या बाया शिव्या घालतात. पण या कुळाला जीवशास्त्रात फार मान आहे. यांचाच एक युरोपातला चुलतभाऊ, तोही असाच लाल-काळा, त्याच्या वृषणातल्या पेशी हेंकिंग नावाचा जर्मन माणूस १८९१ मध्ये मायक्रोस्कोपखाली पाहत होता. त्याला दिसलं की बाकी सगळं जोडीजोडीनं वाटलं जातं, पण एक तुकडा असा आहे की तो निम्म्याच शुक्राणूंत जातो, निम्म्यांत जातच नाही. हे काय आहे ते त्याला उमगेना म्हणून त्यानं त्याला एक्स म्हटलं. आज दवाखान्याच्या रिपोर्टपासून बारावीच्या पेपरापर्यंत जो एक्स लिहितो तो तिथून आला, कापसावरच्या ढेकणाच्या भाऊबंदातून. लिंगाशी त्याचा संबंध आहे हे मात्र त्याच्या लक्षात आलं नाही.

तो संबंध लावायला दहा-पंधरा वर्षं गेली आणि त्यातही किडेच. अमेरिकेत मॅक्लंगनं १९०१-०२ च्या सुमारास नाकतोड्यात तो जास्तीचा तुकडा पाहिला अन् म्हटलं की यानंच नर होत असावा. नेमकं उलटं होतं, नाकतोड्याच्या नराकडं एकच एक्स असतो आणि वाय नसतोच, मादीकडं दोन एक्स. (२०२० च्या मे महिन्यात अमरावती-वर्धा-नागपूरकडं जी टोळधाड आली ना, थाळ्या वाजवून अन् धूर करून हाकलली ती, त्यांचाही हिशेब हाच.) मग १९०५ मध्ये नेटी स्टीव्हन्स या बाईनं धान्या-पिठात पडणाऱ्या एका भुंगेऱ्यात मोजून दाखवलं की मादीच्या पेशीत २० मोठी गुणसूत्रं आणि नराच्या पेशीत १९ मोठी अन् एक बारकं. ते बारकं म्हणजे वाय. त्याच वर्षी विल्सननंही ढेकणांवर काम करून हेच मांडलं, आणि पुस्तकांत बरीच वर्षं त्याचंच नाव मोठ्या अक्षरात राहिलं. स्टीव्हन्सबाई १९१२ मध्ये कॅन्सरनं गेल्या. मी वर्गात त्यांचं नाव मुद्दाम फळ्यावर लिहिते, पेपरात येत नसलं तरी.

आता मला सगळ्यात आवडणारा प्राणी. पिठ्या ढेकूण, म्हणजे आपला मिलीबग. आधी गाजर गवतावर दिसतो, मग धुऱ्यावरच्या जास्वंदीवर, मग पऱ्हाटीच्या शेंड्यावर पांढरं पीठ फेकल्यासारखा. आपल्याला जे पांढरं चिकट दिसतं त्या सगळ्या माद्या, पंख नाही, एका जागी बसून रस ओढणं एवढंच काम. नर असतो तो बारीक चिलटाएवढा, दोन पंख, मागं मेणाचे दोन पांढरे दोरे, तोंड धड नसतं म्हणून खात काहीच नाही, दोन-चार दिवस जगतो अन् मरतो. बहुतेक शेतकऱ्यांनी तो पाहिलेलाच नसतो. मी स्वतः जास्वंदीच्या काडीला बारीक कापडाची पिशवी बांधून ठेवली होती तेव्हा आत दोन-तीन उडताना दिसले, नाहीतर शोधून सापडत नाहीत.

तर ह्या मिलीबगमध्ये ना एक्स ना वाय ना झेड. पोरगा असो का पोरगी, दोघांनाही आईकडून गुणसूत्रांचा एक संच आणि बापाकडून एक संच मिळतो, अगदी बरोबरीनं. पण गर्भ नर व्हायचा असला की सुरुवातीच्याच काही तासा-दिवसांत एक गोष्ट घडते, बापाकडून आलेला अख्खाच्या अख्खा संच गुंडाळून, घट्ट आवळून, बंद करून टाकला जातो. मायक्रोस्कोपखाली तो पेशीच्या कोपऱ्यात एक गडद गोळा म्हणून दिसतो. नर आयुष्यभर चालतो तो आईच्या संचावर. आणि तो जेव्हा स्वतः शुक्राणू बनवतो तेव्हा त्यात फक्त आईचाच संच जातो, बापाचा फेकून दिला जातो. श्रेडर नावाच्या माणसानं १९२१ मध्येच हे मिलीबगात पाहून लिहून ठेवलंय.

हे मी घरी सांगितलं तर मामाजी जरा वेळ गप बसले. मग म्हणाले, "म्हंजे पोरगा झाला तरी बापाचं नाव चालत नाही म्हन?" म्हटलं नाही मामाजी, उलट पोरगा झाला की बापाचं तिथंच थांबलं, बापाचं काही पुढं जायचं असेल तर ते पोरीकडूनच जातं. "लय इचित्र जात हाय," एवढंच म्हणून ते चहा प्यायला आत गेले. आत आत्याबाईंनी ऐकलंच होतं, त्या मात्र हसून हसून लाल झाल्या.

माव्याचं थोडक्यात सांगते. मावा बहुतेक वेळा नराच्या भानगडीत पडतच नाही. मादी थेट पिल्लं घालते, अंडी नाही, अन् ती पिल्लं सगळ्या मुली, आईचीच नक्कल. जन्मायच्या आधीच त्या मुलीच्या पोटात तिच्या मुलींचे गर्भ तयार व्हायला लागलेले असतात. म्हणून आज दोन-चार दिसला अन् आठवड्यात पानाची खालची बाजू काळी झाली असं होतं. थंड देशांत दिवस लहान व्हायला लागले की ती मादी एक एक्स गाळून टाकून नर बनवते, मग मिलन, मग अंडी, अंडी बर्फात तग धरतात. आपल्याकडच्या उन्हात तिला ती गरज क्वचितच पडते.

मधमाशीकडं येऊ, इथं मला थांबायचंय. आग्या मोहोळ मोठ्या वडाला किंवा पाण्याच्या टाकीला लागलेलं असतं, सातेरी झाडाच्या ढोलीत, फुलोरी झुडपात, पण तिघींचा नियम एकच. राणीनं अंडं घातलं आणि त्याला शुक्राणू मिळाला तर मादी, म्हणजे कामकरी किंवा पुढची राणी. नाही मिळाला तर नर. म्हणजे नराला आई आहे, बाप नाही, पण आईचा बाप म्हणून आजोबा मात्र आहे. पोरांना हे सांगितलं की वर्गात हमखास हशा होतो. बापाविना नर होतो हे ओळखलं झिर्झोन नावाच्या एका पाद्र्यानं, १८४५ मध्ये, चर्च सांभाळून मधमाश्या पाळणारा माणूस होता तो. तेव्हा लोकांनी त्याला बरंच वेड्यात काढलं.

पण खरी गंमत त्याच्या पुढची आहे. "शुक्राणू मिळाला की मादी" एवढं पुरत नाही. मधमाशीत सीएसडी नावाचा एक जीन आहे, त्याची रूपं खूप आहेत. आईकडून एक रूप, बापाकडून दुसरं, आणि दोन्ही वेगळी असतील तरच मादी. दोन्ही एकच निघाली तर? आपल्याकडं सोयरिकीत आधी देवक विचारतात ना, दोघांचं देवक एक निघालं की पत्रिका कितीही जुळो, बोलणी तिथंच मोडतात, तसलंच आहे हे. फक्त आपल्याकडं ते लग्नाआधी पाहतात अन् मधमाशीत अंडं घातल्यावर कळतं. सारखी रूपं एकत्र आली तर त्या अंड्यातून मादी नाही, नर निघतो, दुहेरी संचाचा बिनकामाचा नर, आणि कामकरी माश्या अळी बाहेर पडल्यावर काही तासांतच तिला खाऊन टाकतात. पोळ्यात अशी अंडी जास्त झाली की खोल्या मोकळ्या मोकळ्या दिसतात अन् पोळं कमजोर पडतं. म्हणून राणी एकाच नरावर थांबत नाही, हवेत उडून बऱ्याच नरांशी मिलन करते, म्हणजे निदान बहुतेक पोरी जगतील. हा जीन नेमका कोणता ते जर्मनीतल्या बाये आणि त्यांच्या सोबत्यांनी २००३ मध्ये शोधलं, पण नियमाचा अंदाज त्याच्या आधी साठ-सत्तर वर्षं व्हाइटिंग नावाच्या अमेरिकन माणसानं बांधला होता, तोही ब्रॅकॉन नावाच्या परजीवी माशीवरून, जी आपण अळ्यांवर सोडायला आजही वापरतो.

सातेरीचं एक उदाहरण सांगते. ऑस्ट्रेलियात केर्न्स बंदरात २००७ मध्ये आशियातली सातेरी पोचली, अगदी मोजक्या माश्या, त्यामुळे सीएसडीची रूपंही मोजकीच. हिशेबानं ती वसाहत बिनकामाच्या नरांत बुडायला हवी होती. बुडाली नाही. जी रूपं कमी होती त्यांना प्रत्येक पिढीत फायदा मिळत गेला, कारण दुर्मिळ रूप सारख्याला भेटायची शक्यता कमी, अन् काही वर्षांत ती रूपं बऱ्यापैकी समान वाटली गेली. आता ती तिथं पसरलीय अन् त्यांना डोकेदुखी झालीय.

परजीवी माशीवरून आठवलं, ट्रायकोकार्ड. आमच्याकडं पऱ्हाटीत लावतात, पानाच्या खालच्या बाजूला स्टेपल करून. पोस्टकार्डाच्या आकाराच्या त्या कागदावर तांदळावरच्या पतंगाची वीसेक हजार अंडी चिकटवलेली असतात अन् प्रत्येकात ट्रायकोग्रामा नावाच्या बारीक परजीवी माशीचं पिल्लू वाढत असतं. बाहेर येऊन मादी बोंडअळीची अंडी शोधते अन् त्यात आपलं अंडं घालते. नर काहीच कामाचा नाही, म्हणजे आपल्या कामाचा. इथंही मधमाशीसारखंच, फलित अंड्यातून मादी, बिनफलित अंड्यातून नर. पण काही ट्रायकोग्रामांत नरच निघत नाहीत, माद्या मिलनाविना माद्याच घालतात. याचं कारण १९९० मध्ये स्टाउटहॅमरनं शोधलं, अन् कसं शोधलं तर त्या माद्यांना अँटिबायोटिक खाऊ घातलं. आणि नर निघायला लागले! म्हणजे पेशीत एक बॅक्टेरिया बसला होता, वोल्बाकिया, जो आईकडून पोरीला अंड्यातून जातो, नरातून पुढं जाऊ शकत नाही, म्हणून त्यालाच नर नको होते. बिनफलित अंड्यात तो गुणसूत्रांचा संच दुप्पट करवतो अन् झाली मादी.

ह्या वोल्बाकियाचे उद्योग ऐकाल तर थक्क व्हाल. सामोआच्या बेटांवर एक मोठं काळं-निळं फुलपाखरू आहे, हायपोलिम्नस बोलिना, आपल्याकडंही पावसाळ्यात दिसतं. २००१ मध्ये तिथं शंभरात एखादाच नर उरला होता कारण वोल्बाकिया नर गर्भ मारून टाकत होता. २००६ मध्ये पाहिलं तर शंभरात जवळजवळ चाळीस नर. फुलपाखरात बॅक्टेरियाला न जुमानणारा जीन पसरला होता, दहाएक पिढ्यांत. आणि २०२२ मध्ये टोकियोच्याच मंडळींनी मक्यावरच्या एका पतंगात दाखवलं की वोल्बाकिया नर मारतो तो ऑस्कर नावाच्या प्रोटीननं, अन् ते प्रोटीन जाऊन धरतं कोणाला? मॅस्कला. वर सांगितलं ना, मॅस्क बंद पाडला की नर मरतो. बॅक्टेरियाला ते आपल्याआधीपासून माहीत होतं.

आता मामाजींचा पुढचा प्रश्न, जो मला खरंच चांगला वाटला. "मंग गोऱ्ह्यासारखं याले खच्ची केलं तं हे बदलतीन काय?" गोऱ्ह्याला वेळेत खच्ची केलं की त्याचा बैल होतो, मान भरत नाही, माज येत नाही, कारण आपल्यात आणि जनावरांत वृषणातून हार्मोन निघतं, रक्तातून सगळीकडं जातं अन् सगळ्या अंगाला नर बनवतं. हा प्रयोग अळ्यांवर खरंच झालेला आहे, औडेमान्स नावाच्या डच माणसानं १८९९ मध्ये अळ्यांचे वृषण काढून टाकले अन् पतंग व्हायची वाट पाहिली. पतंग निघाले ते नराचेच पंख, नराच्याच शिंगा घेऊन. काही फरक नाही. कारण किड्यात रक्तातून असा हुकूम फिरत नाही, प्रत्येक पेशी आपल्या आत कोणती गुणसूत्रं आहेत ते पाहून आपलं आपण ठरवते.

याचा पुरावा कधी कधी नुसत्या डोळ्यांनी दिसतो. क्वचित एखादं फुलपाखरू असं निघतं की डावा पंख नराच्या रंगाचा अन् उजवा मादीच्या, मधोमध रेघ मारावी असं. फळमाशीत मॉर्गन आणि ब्रिजेस यांनी १९१९ मध्ये याचं कारण लिहिलं, मादी गर्भाच्या पहिल्याच विभाजनात एका पेशीतून एक एक्स गळला की त्या बाजूचं अर्धं अंग नर होतं. फळमाशीत वाय नराला बनवतच नाही बरं का, एक्स किती आहेत त्यावर ठरतं, एक्स-एक्स-वाय असेल तर ती धडधाकट मादी असते. माणसात तोच पुरुष झाला असता.

इतकं सगळं वेगवेगळं, मग खाली काहीतरी सारखं असेल की नाही? आहे. माशी, मधमाशी, पतंग, भुंगेरे यांच्यात शेवटी सगळं येऊन पोचतं ते डबलसेक्स नावाच्या एका जीनपाशी. जीन नर-मादी दोघांत तोच, पण त्याचा आरएनए संदेश कापून जोडताना नरात एक तुकडा ठेवतात, मादीत दुसरा, म्हणून त्यातून दोन वेगळी प्रोटीनं बनतात, अन् ती प्रोटीनं पेशीला सांगतात की शिंग कसं कर, पंख कसा रंगव, मागचा भाग कसा घडव. मिलीबग-ढेकणांच्या कुळात हा हिशेब इतका सरळ नाही. पण मजा म्हणजे डबलसेक्सच्याच कुटुंबातला एक जीन आपल्याही वृषणात काम करतो. खालचं हे टोक कोट्यवधी वर्षं टिकलं अन् वरचं, म्हणजे पहिला हुकूम कोण देणार ते, सारखं बदलत राहिलं. गोठ्यातली साधी माशी घ्या, तिच्यात नर ठरवणारा घटक काही ठिकाणच्या माशांत वायवर आहे, काही ठिकाणच्या माशांत भलत्याच गुणसूत्रावर. एकाच जातीत! तो जीन २०१७ मध्ये सापडला.

डेंग्यूच्या डासात नर ठरवणारा जीन २०१५ मध्ये सापडला, नाव निक्स. चावतात त्या माद्याच, त्यामुळे सगळ्यांची नजर त्यावर. मादीत निक्स घातला तर तिचा नर होतो, पिल्लं पण होऊ शकतात, पण उडता येत नाही, कारण उडायच्या स्नायूसाठी लागणारा शेजारचा दुसरा जीन तिच्याकडं नसतो. बिचारा पाण्यावर पाय आपटत बसतो.

हे सगळं आपल्या बोंडअळीच्या कामाचं आहे का, तर अमेरिकेत झालंय. ॲरिझोनात फिनिक्सला गुलाबी बोंडअळी कारखान्यात वाढवून, किरणं देऊन, वांझ केलेले पतंग विमानातून कापसावर सोडले, अब्जावधी, म्हणजे रानातला पतंग त्यांच्याशी जुळला तरी पिल्लं होणार नाहीत. अळ्यांच्या खाण्यात लाल रंग मिसळलेला, म्हणजे सापळ्यात आलेला पतंग चिरडला की कारखान्यातला का रानातला ते कळायचं. बीटी कापूस, ज्याच्या झाडातच अळीला मारणारं विष असतं, तो सोबत होताच. २०१८ मध्ये त्यांनी जाहीर केलं की देशातून ही अळी संपली. त्यात नर-मादी दोन्ही सोडावे लागले कारण एवढे निवडणार कोण. भूमध्य फळमाशीत मात्र असं वाण केलंय की अंडी ३४ अंशांच्या आसपास तापवली की माद्या मरतात, नरच उरतात. बोंडअळीचं असं वाण झालं तर खर्च निम्म्यावर येईल, असं मला वाटतं.

"मंग आपल्याकडं काऊन नाही सोडत?" हे अर्थातच आलं. वांझ पतंग सोडून उपयोग तेव्हाच, जेव्हा रानातले पतंग आधीच कमी असतात अन् सोडलेले त्यांच्यावर भारी पडतात. आपल्याकडं बीटीला अळी सरावलेली, तिनं कापूस खाल्लेला २०१७ चा हंगाम कोण विसरेल, अन् वर फरदड. पाणी असलेला माणूस मार्च-एप्रिलपर्यंत पऱ्हाटी उभी ठेवतो, अळीला खायला वर्षभर. एकट्या आपण उपटून भागत नाही, शेजारच्यानंही उपटायला पाहिजे. मी म्हणते यंदा डिसेंबर सरायच्या आत पऱ्हाटी काढू अन् शेजारच्या काकाजींशीही बोलू. मामाजी म्हणतात, आधी कापसाचा भाव काय निघतो ते पाहू.